सांध्यातलं इंजेक्शन आणि दुसरी रात्र

तुमचा प्रश्न आधी माझ्या शब्दांत मांडतो, म्हणजे मी भलत्याच गोष्टीचं उत्तर द्यायला नको. आईचं वय ६६, वजन ५८ किलो, दहा वर्षांपासून शुगर. पुढच्या महिन्यात नागपुरात धंतोलीतल्या एका दवाखान्यात दोन्ही गुडघे एकाच दिवशी बदलायचं ठरलंय. सर्जन म्हणाले, ‘ऑपरेशन चालू असतानाच सांध्यात सुन्न करणारं इंजेक्शन देतो, दुखणार नाही.’ पण मानेवाड्यातल्या तुमच्या शेजारच्या काकूंनाही तेच दिलं होतं. पहिल्या दिवशी त्या वॉकर धरून चालल्या आणि दुसऱ्या रात्री त्यांनी अख्खा वॉर्ड जागा ठेवला. त्यात मामेभावाने मोबाइलवर दाखवलं की असल्या इंजेक्शनाने सांध्यातली कूर्चा, म्हणजे हाडांच्या टोकांवरचा गुळगुळीत थर, मरते. तेव्हा हे इंजेक्शन घ्यावं का, की त्यापेक्षा पाठीत वेदनेच्या औषधाची नळी (एपिड्युरल) ठेवायचा आग्रह धरावा?

मी भूलतज्ज्ञ आहे. शिकलो इथल्याच मेडिकलला आणि गेली २२ वर्षं नागपुरातल्या निरनिराळ्या दवाखान्यांत हाडांच्या ऑपरेशनांना भूल देतोय. उत्तर आधीच सांगून टाकतो: इंजेक्शन घ्या. सर्जनचं ‘दुखणार नाही’ मात्र अर्धंच धरा. ते बोलताना त्यांच्या डोळ्यांपुढे ऑपरेशनच्या दिवसाची संध्याकाळ असते. घरचे लोक ते वाक्य पुढच्या महिन्याभरासाठी ऐकतात. काकूंच्या इंजेक्शनाने बहुधा आपलं काम नीट केलं आणि ते वेळेवर उतरलं. ते उतरल्यावर काय करायचं, हे मात्र कुणी ठरवलेलं नसावं.

आता जरा सविस्तर. ‘सांध्यातलं इंजेक्शन’ या एकाच नावाखाली आपल्याकडे बऱ्याच गोष्टी खपतात आणि तुमच्या प्रश्नात त्या एकमेकींत मिसळल्या आहेत. एक असतं ओपीडीत गुडघेदुखीसाठी देतात ते स्टिरॉइडचं. त्याचा इथे संबंध एवढाच, की आईला गेल्या तीन महिन्यांत असं इंजेक्शन दिलेलं असेल तर ते सर्जनला आठवणीने सांगा. स्टिरॉइड दिल्यानंतर तीन महिन्यांच्या आत सांधा बदलला तर जंतुसंसर्गाचा धोका वाढतो, म्हणून तारीख पुढे ढकलणं शहाणपणाचं. गावाकडे कुणी ‘गुडघ्यात सुई मारून’ दिली असेल तर तीही यात मोजा. बाया हे सांगत नाहीत, कारण त्यांच्या लेखी ते ऑपरेशनाशी संबंधित नसतं.

दुसरं म्हणजे तुमच्या सर्जनच्या मनातलं. ते खरं तर सांध्यात दिलं जातच नाही, सांध्याभोवती दिलं जातं. हे मी रोज टेबलाच्या डोक्याच्या बाजूने बघतो, म्हणून कसं चालतं ते सांगतो. सिस्टर स्टीलच्या वाटीत औषधं मिसळते: सुन्न करणारं बुपिव्हाकेन किंवा रोपिव्हाकेन, सूज-वेदनेवरचं केटोरोलॅक, थोडं अॅड्रिनलिन आणि बाकी सलाईन. ओटीत, म्हणजे ऑपरेशन थिएटरमध्ये, याला सगळे ‘कॉकटेल’च म्हणतात. कुणी त्यात मॉर्फिन घालतं, कुणी स्टिरॉइड; प्रत्येक सर्जनची आपली पाककृती असते आणि सावजी रस्स्याइतकाच तिचा अभिमानही. हाडं कापून झाली की नवा सांधा सिमेंटने बसवायच्या आधी गुडघ्याची मागची बाजू काही मिनिटं उघडी असते. तेव्हा सर्जन २० मिलीची सिरिंज आणि लांब सुई घेऊन मागच्या कॅप्सूलमध्ये (सांध्याभोवतीच्या आवरणात) थोडं थोडं औषध सोडतात. मागे मोठी रक्तवाहिनी असते, म्हणून प्रत्येक टोचीला पिस्टन मागे ओढून रक्त येत नाही ना ते बघायचं. सांधा बसला की ती संधी गेली. मग कडेचे लिगामेंट, मांडीचा स्नायू, चरबी आणि शेवटी टाके घालताना कातडीखाली.

ही पद्धत अंदाधुंद आलेली नाही. सिडनीच्या डेनिस केर आणि लॉरेन्स कोहान या दोघांनी २००८ साली ३२५ रुग्णांचा अनुभव छापला आणि तिथून ती जगभर पसरली. त्यांचा भर नुसत्या औषधावर नव्हता. औषध नेमकं कुठे पोचवायचं आणि रुग्णाला त्याच दिवशी चालवायचं, यावर होता. चालवण्याचा मुद्दा लक्षात ठेवा, त्याच्याकडे परत येतो.

तिसरी गोष्ट म्हणजे मामेभावाने दाखवलेली. ती खोटी नाही, पण ती दुसऱ्याच सांध्याची आहे. पंधरा-वीस वर्षांपूर्वी खांद्याच्या दुर्बिणीच्या ऑपरेशननंतर सांध्याच्या आत बारीक नळी ठेवून, छोट्या पंपाने दोन-तीन दिवस सतत बुपिव्हाकेनसारखं औषध सोडायची पद्धत होती. त्यातल्या काही तरुण रुग्णांच्या खांद्यातली कूर्चा पुढच्या काही महिन्यांत झिजून गेली. अमेरिकेच्या एफडीए या औषध-नियंत्रण संस्थेने २००९ साली अशा ३५ रुग्णांची नोंद देऊन इशारा काढला. जवळजवळ सगळे खांद्याचे होते आणि निम्म्याहून जास्त जणांना पुन्हा ऑपरेशन करावं लागलं, काहींना तर सांधाच बदलावा लागला. कूर्चेच्या पेशींना हे औषध विषारी असतं आणि जितका जास्त वेळ त्या त्यात भिजत राहतील तितकं नुकसान जास्त, हे आता पक्कं झालंय.

पण तुमच्या आईच्या गुडघ्यातली कूर्चा, जी काही उरली असेल ती, सर्जन करवतीने कापून बादलीत टाकणार आहेत. तिथे धातू आणि प्लास्टिक बसणार. बुपिव्हाकेनने धातू झिजत नाही. त्यामुळे ही भीती आईच्या बाबतीत मनातून काढून टाका. मामेभाऊ स्वतः क्रिकेट खेळून खांद्याचं ऑपरेशन करवून घ्यायला निघाला असेल, तर मात्र त्याने जरूर विचारावं की सांध्यात पंप तर लावणार नाही ना. बहुतेक कुणी आता लावत नाही. खांद्यासाठी मानेजवळच्या नसांचा ब्लॉक, म्हणजे नसांभोवती औषध देऊन तेवढा भाग सुन्न करणं, जास्त चांगला, फक्त त्याने त्या बाजूचा छातीखालचा श्वासाचा पडदा काही तास अर्धवट झोपतो, म्हणून दमेकऱ्याला तो विचार करूनच द्यावा लागतो. दुर्बिणीच्या गुडघ्याच्या ऑपरेशनात शेवटी एकदाच सांध्यात औषध सोडणं, ही आणखी वेगळी गोष्ट. ते अजूनही चालतं. मी स्वतः तरुण रुग्णात ते कमी वापरतो, सर्जनला कडेच्या छिद्रांभोवती द्यायला सांगतो.

आता जे तुम्ही विचारलं नाही पण विचारायला हवं होतं ते. दोन्ही गुडघे एकाच दिवशी. इथे माझे कान उभे राहतात आणि कारण साधं अंकगणित आहे.

सुन्न करणाऱ्या प्रत्येक औषधाची वजनानुसार मर्यादा असते. बुपिव्हाकेनची साधारण किलोला २ मिलिग्रॅम धरतात. आईचं वजन ५८, म्हणजे ११६ मिलिग्रॅम. बाटलीवर मात्र मिलिग्रॅम मोठ्या अक्षरात नसतात, टक्के असतात. टक्क्यांना दहाने गुणा, की एका मिलीत किती मिलिग्रॅम ते कळतं. ०.५ टक्क्याची २० मिलीची बाटली म्हणजे १०० मिलिग्रॅम. आता सर्जनची पाककृती ‘एका गुडघ्याला एक बाटली’ अशी असेल तर दोन गुडघ्यांचे झाले २००. त्यात माझ्यासारख्याने दोन्ही मांड्यांत ब्लॉक दिला, प्रत्येकी ०.२५ टक्क्याचे १५ मिली, तर आणखी ७५. एकूण २७५, आणि मर्यादा ११६. कुणी काही चुकीचं केलं नाही, प्रत्येकाने आपापल्या सवयीप्रमाणे नेहमीचंच दिलं, आणि बेरीज दुपटीच्या वर गेली.

हे मी पुस्तकातून सांगत नाही. बऱ्याच वर्षांपूर्वी एका छोट्या नर्सिंग होममध्ये भंडाऱ्याकडचे एक आजोबा होते, जेमतेम ५० किलोचे. दोन्ही गुडघे. मी ब्लॉक दिले, सर्जनने कॉकटेल दिलं, दोघांनीही एकमेकांना आकडा विचारला नाही. ऑपरेशन झकास झालं. वॉर्डात नेल्यावर पाऊण तासाने आजोबा सिस्टरला म्हणाले, ‘बाई, तोंडात लोखंड चोखल्यासारखं लागून राहिलं, अन् कानात भुंगा फिरून राहिला.’ सिस्टर नवीन होती, पण तिला ते चमत्कारिक वाटलं आणि तिने मला कॅन्टीनमधून बोलावलं. सुन्न करणारं औषध रक्तात जास्त झाल्याच्या याच खुणा. मी पोचलो तेव्हा ओठ थरथरत होते. ऑक्सिजन, झटका येऊ नये म्हणून औषध, मॉनिटर लावला. झटका आला नाही, हृदयाची लय बिघडली नाही, तासाभरात आजोबा चहा मागायला लागले. पण त्या नर्सिंग होममध्ये अशा वेळी लागणारं लिपिड ठेवलेलंच नव्हतं. एक जण गाडी घेऊन धंतोलीत औषधाच्या दुकानात धावला होता. चूक जितकी सर्जनची तितकीच माझी. त्या दिवसापासून माझ्या ओटीत फळ्यावर रुग्णाचं वजन आणि त्याखाली मर्यादेचा आकडा मार्करने लिहिलेला असतो, आणि कॉकटेल मिसळायच्या आधी सिस्टर तो मोठ्याने वाचते. काही सर्जनना सुरुवातीला याचा राग यायचा.

लिपिडबद्दल दोन वाक्यं, कारण हा शोध मला अजूनही नवलाचा वाटतो. दुधासारखं पांढरं, २० टक्के चरबीचं सलाईन, जे मुळात तोंडाने खाता न येणाऱ्या रुग्णाला पोषण म्हणून देतात. अमेरिकेत गाय वाइनबर्ग यांनी १९९८ साली उंदरांत दाखवलं की बुपिव्हाकेनने थांबू लागलेलं हृदय याने सावरतं. २००६ साली पहिल्या माणसाचा जीव याने वाचल्याची नोंद झाली. मात्रा किलोला १.५ मिली, म्हणजे तुमच्या आईसाठी ८७ मिलीच्या आसपास, आणि मग हळूहळू पुढे. हा प्रसंग फार क्वचित येतो. पण बाटली ओटीत आहे का, हे विचारायला लाज वाटायचं कारण नाही. चांगला भूलतज्ज्ञ या प्रश्नाने खूशच होईल.

मग दोन गुडघ्यांचं काय करायचं? माझ्या हातात असेल तर मी असं करतो: बुपिव्हाकेनऐवजी रोपिव्हाकेन, कारण ते हृदयाला तुलनेने कमी त्रास देतं आणि त्याची मर्यादा किलोला ३ मिलिग्रॅम धरतात, म्हणजे आईला १७४. ते दोन गुडघ्यांत निम्मं निम्मं. औषध कमी, पण सलाईन घालून पाणी तेवढंच. इथे औषध पसरणं जास्त महत्त्वाचं असतं, तीव्रता नाही. ब्लॉकही द्यायचे असतील तर ते याच हिशेबातून. पाठीतल्या भुलेत जाणारे १५ मिलिग्रॅम वगैरे फार नसतात, तरी मी ते फळ्यावर लिहितो. ही मर्यादा काही दगडावरची रेघ नाही. मोठ्या केंद्रांत यापेक्षा बरंच जास्त रोपिव्हाकेन सुरक्षितपणे दिल्याचा अनुभव छापलेला आहे, अॅड्रिनलिनमुळे औषध रक्तात हळू उतरतं हेही खरं. पण ६६ वर्षांच्या, शुगर असलेल्या बाईच्या बाबतीत मी कंजूषच राहणार.

(दोन्ही गुडघे एका दिवशी करावे का, यावर मी इथे शिरत नाही. तो निर्णय आईचं हृदय, किडनी आणि शुगर बघून फिजिशियन आणि सर्जन मिळून करतील. फक्त ‘एकाच खर्चात दोन्ही’ हे कारण असेल तर पुन्हा विचार करा.)

आता काकूंच्या रात्रीकडे येऊ. यावरच मला सगळ्यात जास्त बोलायचंय.

समजा ऑपरेशन सकाळी दहाला सुरू झालं. पाठीतली भूल दुपारी दोन-अडीचपर्यंत उतरते. त्याखाली सांध्याभोवतीचं औषध काम करत असतं, ते रात्रीपर्यंत, कधी दुसऱ्या दिवशी पहाटेपर्यंत साथ देतं. म्हणून पहिल्या संध्याकाळी फिजिओ येऊन उभं करतो, आई चार पावलं चालते, कुणीतरी व्हिडिओ काढतं, तो फॅमिली ग्रुपवर जातो. दुसऱ्या दिवशी औषध पूर्ण उतरलेलं असतं. नेमकी तेव्हा सूज चढत असते. त्याच दिवशी फिजिओ जास्त व्यायाम घेतो, गुडघा वाकवतो. सलाईन निघते आणि त्याबरोबर सलाईनमधून मिळणारी वेदनेची औषधंही बंद होतात, गोळ्यांवर येतात. रात्री वॉर्डात एकच सिस्टर. ‘दुखलं तर सांगा’ असं सांगून ती गेलेली.

रात्री दोनला मला फोन येतो: ‘डॉक्टर, काल त चालत होती न आई! आज पाय उचलत नाही. ऑपरेशन बिघडलं काय?’ शंभरातले बहुतेक फोन याच वेळचे आणि याच शब्दांतले. काही बिघडलेलं नसतं. सुन्नपणाचं पांघरूण एकदम ओढून घेतलं की खालचं दुखणं आहे त्याहून मोठं वाटतं. ज्याला पहिला दिवस अगदीच बिनदुखण्याचा गेला, त्याला दुसरी रात्र जास्त जड जाते, कारण त्याची तयारीच नसते. दुखायला लागल्यावर गोळी द्यायची आणि ती लागू पडायला तास घालवायचा, हा खेळ हरण्याचाच असतो.

म्हणून दुसऱ्या रात्रीचं औषध पहिल्या दुपारीच सुरू व्हायला हवं. आईला काही दुखत नसतानाच. पॅरासिटामॉल घड्याळाप्रमाणे, दर सहा तासांनी, मागितलं नाही तरी. तिच्या वजनाला दिवसाला ३ ग्रॅमच्या आत ठेवणं मला बरं वाटतं. त्याच्या जोडीला सूज-वेदनेची गोळी चालेल का, हे तिच्या क्रिएटिनिनवर, म्हणजे किडनीच्या रक्ततपासणीवर, ठरेल. शुगरच्या रुग्णाची किडनी वरून ठीक दिसली तरी काठावर असू शकते आणि केटोरोलॅक तर कॉकटेलमधूनच मिळालेलं असतं. ते मोजायचं विसरून वर पुन्हा त्याच जातीचं इंजेक्शन लिहिलेलं मी केस पेपरवर पाहिलंय. नागपुरात हे उन्हाळ्यात जास्त नडतं. मे महिन्यात ४५ अंशांत रुग्ण आधीच सुकलेला येतो, वर ऑपरेशनसाठी उपाशी, आणि त्या किडनीवर आपण ही औषधं टाकतो. तुमची तारीख पुढच्या महिन्यातली आहे. आदल्या दिवशी आईला पाणी भरपूर पाजा, आणि ऑपरेशनच्या सकाळी साधं पाणी किती वाजेपर्यंत चालेल ते भूलतज्ज्ञाला विचारा. बरेचदा दोन तास आधीपर्यंत चालतं आणि घरचे मात्र रात्री आठपासून घशात थेंब जाऊ देत नाहीत.

डेक्सामेथासोनचं एक इंजेक्शन दिलं तर वेदना आणि उलट्या दोन्ही कमी होतात, पण शुगर दोन दिवस वर जाते. माझ्याकडे शुगर आटोक्यात असेल तर मी छोटी मात्रा देतो आणि इन्सुलिनचा तक्ता आधीच लिहून ठेवतो. शुगर मुळात अडीचशेच्या वर खेळत असेल तर देत नाही. ट्रामाडॉल चालतं, पण आपल्या आयाबायांना त्याने फार मळमळतं आणि रात्रभर ओकारी आली की गुडघ्यापेक्षा तेच लक्षात राहतं. काही ठिकाणी कातडीवर ब्यूप्रेनॉर्फिनची पट्टी लावतात. ती लागू व्हायला बराच वेळ घेते, त्यामुळे दुखल्यावर लावून त्या रात्री काही उपयोग नाही. आणि पट्टी असेल तर त्यावर गरम पाण्याची पिशवी अजिबात नको, उष्णतेने औषध एकदम जास्त उतरतं. शेकायचंच असेल तर बर्फाने, टॉवेलमध्ये गुंडाळून, पंधरा-वीस मिनिटं. कातडी अजून सुन्न असेल तर बर्फही डोळ्यांनी बघत ठेवायचा, कारण आईला तो जास्त झालेला कळणार नाही.

आणि ‘दुखतंय का’ हे विचारूच नका. विदर्भातल्या पासष्टीच्या बाईला हा प्रश्न विचारला की उत्तर ठरलेलं: ‘नाही जी, ठीक आहे.’ चार बाळंतपणं घरी झालेली असतात, डॉक्टरसमोर कण्हणं तिला शोभत नाही. सकाळच्या राउंडला मी वाटेल त्या पैजेवर सांगतो की निम्म्या केस पेपरवर ‘वेदना नाही’ लिहिलेलं असतं आणि बाईचा चेहरा मात्र काळवंडलेला. मी विचारतो, ‘रात्री झोप लागली का? कूस बदलली का? टाच पलंगावरून उचलून दाखवा बरं.’ टाच उचलताना दात आवळले गेले की मला माझा आकडा मिळतो. तुम्हीही हेच करा, आणि रात्री अकराला करा, दोनला नाही.

फिजिओच्या वेळेचाही हिशेब ठेवा. तो सकाळी अकराला येणार असेल तर गोळी सव्वादहाला पोटात हवी. केर-कोहान यांचा चालवण्यावरचा भर मघाशी सांगितला तो यासाठी. इंजेक्शनचा खरा फायदा बिनदुखणी झोप हा तर आहेच, पण त्याहून मोठा हा की मांडीचा स्नायू जागा राहतो आणि पहिल्याच दिवशी पाय टेकवता येतो. पूर्वी आम्ही मांडीच्या वरच्या मोठ्या नसेचा ब्लॉक द्यायचो. वेदना छान थांबायची, पण पायाची ताकदही जायची आणि रुग्ण संडासला जाताना कोसळायचा. आता मांडीच्या मध्यावर, आतल्या बाजूला ब्लॉक देतात, त्यात ताकद बरीच टिकते. तरी गुडघ्याच्या मागचा भाग त्यात येत नाही, आणि मागे वाकवताना जे ओढतं ते तिथलंच. ती उणीव सर्जनचं गुडघ्यामागचं इंजेक्शन भरून काढतं. दोन्ही एकत्र चांगले, आकडा सांभाळून. पहिल्या रात्री आईने एकटीने उठायचं नाही, कितीही बरं वाटत असलं तरी. बरं वाटत असतं म्हणूनच.

पाठीतल्या नळीबद्दल. ती वाईट नाही, दोन्ही गुडघ्यांसाठी मी आजही कधी कधी ठेवतो. वेदना उत्तम थांबतात. पण बीपी उतरतं, लघवी अडते, दोन्ही पाय जड राहतात म्हणून चालणं लांबतं, आणि रक्त पातळ करणाऱ्या इंजेक्शनच्या वेळा सांभाळूनच ती काढावी लागते, नाहीतर मणक्यात रक्त साकळण्याचा धोका. रात्री ती नळी कोण बघणार, हा खरा प्रश्न. प्रत्येक पाळीत शिकलेली सिस्टर आणि बोलावल्यावर येणारा भूलतज्ज्ञ असेल तर जरूर विचार करा. नसेल तर सांध्याभोवतीचं इंजेक्शन आणि घड्याळाप्रमाणे गोळ्या हेच जास्त सुरक्षित. गुडघ्यातच नळी ठेवून रोज औषध सोडायचं कुणी सुचवलं तर मी नाही म्हणेन; नव्या सांध्यात बाहेरून आत जाणारी वाट उघडी ठेवायची आणि मिळणारा जादा फायदा मात्र धूसर, हा सौदा मला पटत नाही.

कुठलं दुखणं साधं समजायचं नाही, तेही सांगतो. पाऊल वर उचलता येत नसेल, तर पहिल्या रात्री ते औषध कडेच्या नसेपर्यंत पसरल्यानेही असू शकतं आणि आपोआप जातं. पण डॉक्टरला लगेच सांगा, आणि दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत तसंच असेल तर गप्प बसू नका. पोटरी ताठ, गरम आणि एकाच पायाची जास्त सुजलेली, पट्टी आवळल्यासारखं वाटून बोटं बधिर किंवा गार पडणं, गोळ्या देऊनही तासातासाला वाढत जाणारं दुखणं, धाप लागणं: यातल्या कशालाही ‘दुसऱ्या रात्रीचं आहे’ म्हणून झोपायचं नाही.

भूलतज्ज्ञाकडे तपासणीला जाल तेव्हा, भाऊ, यादी काढून परीक्षा घेतल्यासारखं विचारू नका, पण चार गोष्टी गप्पांत काढून घ्या. कॉकटेलमध्ये काय आणि दोन्ही गुडघ्यांचं मिळून किती. ब्लॉक देणार का, दिला तर बेरीज कोण करणार. ते उतरल्यावर रात्रीची औषधं कुठल्या वेळेला लिहिलेली आहेत. आणि रात्री दोनला फोन कुणाला करायचा, कुठल्या नंबरवर. शेवटच्याचं उत्तर ‘सिस्टरला सांगा’ असं आलं तर सिस्टरकडे कुणाचा नंबर आहे, ते विचारा.

आणि एक, वजन. ‘असेल पंचावन्न-साठ’ असं सांगून चालणार नाही. तुम्ही लिहिलेलं ५८ हे कधीचं आहे? गुडघ्यांमुळे चालणं बंद झालेल्या बायांचं वजन वर्षभरात चार-पाच किलोंनी इकडे-तिकडे झालेलं असतं. भरती होताना आईला दवाखान्याच्या काट्यावर उभी करा, धरावं लागलं तर काट्यावर हात न टेकता धरा, आणि तो आकडा तुमच्या डोळ्यांदेखत केस पेपरवर लिहून घ्या.